अक्षतांचा रीटेक

माझ्या माहितीपटांच्या कारकिर्दीची सुरुवात एका पुढाऱ्याच्या जीपच्या न उघडणाऱ्या दारानं झाली. मुलाखतीत हे सांगता येत नाही. विचारणाऱ्याला वाटतं, सुरुवात एखाद्या दुष्काळानं, निदान एखाद्या पुस्तकानं तरी झालेली असावी. म्हणून मी बरीच वर्षं पुस्तकाचं सांगत आलो. पुस्तक होतंही. गुलबर्ग्याच्या वाचनालयातून आणलं होतं आणि त्यात लिहिलं होतं की कॅमेऱ्यानं समोरच्या घटनेत ढवळाढवळ करू नये. पण ते वाचलं तेव्हा माझ्याकडे कॅमेरा नव्हता, आणि कॅमेरा आला तोवर पुस्तक परत करून झालं होतं.

कॅमेरा सोलापूरहून आणलेला, वापरलेला, खांद्यावर ठेवायचा. नव्वदीच्या दशकाचा पूर्वार्ध. सरहद्दीवर, कर्नाटकाच्या बाजूला, अफजलपूरच्या बसस्टँडसमोर मी एक गाळा घेतला. पाटी रंगवणाऱ्याला तीन भाषांत लिही म्हणून सांगितलं. त्यानं कन्नडमध्ये फोटो स्टुडिओ, मराठीत व्हिडिओ शूटिंग आणि इंग्रजीत झेरॉक्स असं लिहिलं. झेरॉक्स माझ्याकडे नव्हतं. पण लोक ज्या भाषेत वाचायचे त्या भाषेतलं काम मागायला यायचे, आणि झेरॉक्स मागणारे फार थोडे निघाले.

लग्नाचं व्हिडिओ शूटिंग तेव्हा आमच्या भागात नवं होतं. लोकांना सवय फोटोची. लाइट अंगावर पडला की माणूस जागच्या जागी थांबायचा. आहेर देणारा टॉवेल-टोपी पुढे धरून उभा, घेणारा हात पुढे करून उभा. पंगतीतला पाव्हणा तोंडाजवळ नेलेला घास तोंडाजवळच धरून बसलेला. लाइट पुढे सरकला की मग आहेर दिला जायचा आणि घास खाल्ला जायचा. त्या काळच्या माझ्या टेपा बघितल्या तर टेप अडकली आहे असं वाटतं. मागून एखादं कुत्रं गेलं की कळतं, चालू आहे.

ज्या लग्नाबद्दल सांगायचं ते करजगीच्या बाजूच्या एका गावातलं. घर मूळचं मेंढरं राखणारं. मेंढरं आजोबांच्या काळातच गेली होती. आता थोडं रान, बाकी उसात मजुरी. नवरी थोरली मुलगी. नवरा निंबर्ग्याकडचा, पुण्यात एका कारखान्यात लागलेला. आमच्याकडे तेव्हा नुकतं असं सुरू झालं होतं की नवरा शेतावरून नाही, सुट्टीवर यायचा.

घरातला कारभार नवरीच्या चुलत्याच्या हाती. त्याला सगळे थोरले अप्पा म्हणत. गावच्या दूध सोसायटीचा तो चेअरमन होता. सोसायटीत दूध फार येत नसे, पण चेअरमन रोज येत असे. नवरीचा बाप अबोल माणूस, थोरला भाऊ बोलत असताना तो मांडवाच्या दोऱ्या तपासत राहायचा. व्हिडिओचं मात्र अप्पानं ठरवलं नव्हतं, बापानंही नाही. ते नवरीच्या आईनं ठरवलं होतं.

आमच्याकडे नवरीच्या आईनं मुलीच्या डोक्यावर अक्षता पडताना बघायचं नसतं. मंगलाष्टकं सुरू झाली की बायका तिला मांडवातून उठवतात आणि घरामागं तुळशीपाशी नेऊन बसवतात. ती तिथं तांब्यानं तुळशीला थेंबथेंब पाणी घालते. मांडवातून वाजंत्र्यांचा गलका झाला की लग्न लागलं असं समजायचं आणि परत यायचं. कामून, असं कुणी विचारत नाही. ज्या बाईनं ते लग्न जमवायला दोन वर्षं झोप घालवलेली असते तिलाच तेवढं लग्न दिसत नाही.

या बाईच्या डोक्यात असं आलं की टेपवर बघायला कुठं मनाई आहे? टेपवर बघितलं म्हणजे लग्न लागून गेल्यावर बघितलं. शास्त्रात टेप नाही. तिनं आपल्या नवऱ्याला हे पटवलं, नवऱ्यानं अप्पाला, आणि अप्पानं ही कल्पना स्वतःची म्हणून मला सांगितली.

लग्नाच्या सकाळी ती हळदीच्या हातांनीच माझ्यापाशी आली. मला तम्मा म्हणाली. आमच्या सरहद्दीवर मराठी बाईसुद्धा धाकट्या भावाला तम्माच म्हणते. तिनं विचारलं, अक्षता पडताना नीट येतील ना? मी म्हणालो, येतील. तिनं परत विचारलं. मी परत म्हणालो, अक्का, तुमी निवांत तुळशीपाशी बसा.

अंतरपाट धरला. माझा मेहुणा लाइट धरून उभा. मी बोहल्यासमोर खुर्चीवर चढलो होतो, चौकटीत नवरा-नवरी, मधे अंतरपाट, वर आंब्याची पानं. शेवटचं मंगलाष्टक सुरू झालं. हातात ज्वारीच्या पिवळ्या अक्षता घेऊन दोनेकशे माणसं ताटकळलेली. भटजींनी शेवटचा सूर ओढायला घेतला, आणि मांडवाबाहेर जीपचा हॉर्न वाजला.

अप्पानं ज्यांना बोलावलं होतं ते पुढारी आले होते. तालुका पंचायतीचे सभासद. मतदारांशी मराठी, कचेरीत कन्नड आणि ड्रायव्हरशी दखनी बोलणारे, आणि तिन्हींत उशिरा येणारे. अप्पानं खालून माझ्या दोन्ही पोटऱ्या धरल्या आणि मला कॅमेऱ्यासकट, खुर्चीसकट, फिरवलं.

“तिकडं धर. सायेब आलेत.”

धरलं. आता कुणी विचारलं तर मी सांगतो, खुर्ची डगमगत होती. पण खरं म्हणजे मला वाटलं, उतरायला माणसाला किती वेळ लागतो? उतरतील, नमस्कार करतील, मी परत फिरेन. जीपचं दार उघडेना. पुढाऱ्यांनी आतून ढकललं, ड्रायव्हरनं बाहेरून ओढलं, मग पुढाऱ्यांनी ओढलं आणि ड्रायव्हरनं ढकललं. माझ्या मागं “सावधान” झालं. हलगी, सनई, गलका. अक्षता पडल्या. मागच्या लोकांनी मारलेल्या काही अक्षता माझ्या डोक्यावरून पुढं गेल्या. शेवटी साहेब सीटवरून सरकत दुसऱ्या दारानं उतरले, तेव्हा पाच-सहा दाणे त्यांच्या पांढऱ्या टोपीवर पडले. टेपवर ते स्वच्छ दिसतात. टेप एवढाच पुरावा धरला तर त्या दिवशी लग्न पुढाऱ्यांचं लागलं.

मी वळलो तेव्हा हार घालून झाले होते.

टेप द्यायला मी आठ दिवस लावले. सोलापूरला जाऊन मिक्सिंग केलं. नवरा-नवरीला कमळात घातलं, कमळ फिरवलं, पाकळ्या उडवल्या. जिथं अक्षता हव्या होत्या तिथंही पाकळ्या घालायचा विचार केला. पण मिक्सिंगवाला म्हणाला, पाकळ्यांमागं काहीतरी पाहिजे, नुसत्या पाकळ्या येत नाहीत.

टेप बघायला त्यांच्या घरी भाड्यानं व्हीसीआर आणला होता. शेजारपाजारच्या बायका आल्या होत्या. मी नव्हतो; तिथलं सगळं मला नंतर नवरीच्या बापानं सांगितलं. आई सगळ्यांत पुढं बसली. अंतरपाट दिसला तसा तिनं पदर सावरला. मग पडद्यावर जीप आली. बायकांना वाटलं टेप बदलली. आईनं व्हीसीआरवाल्याला मागं घ्यायला सांगितलं. परत जीप. तिसऱ्यांदा मागं घ्यायला लावलं, तेव्हा अप्पा म्हणाला की साहेब किती छान आलेत बघा. त्यानंतर तिनं टेप थांबवायला सांगितली आणि आत जाऊन चूल पेटवली.

दोन दिवसांनी ती एकटी बसनं अफजलपूरला आली. टेप टॉवेलमध्ये गुंडाळलेली. माझ्या गाळ्यात स्टुलावर बसली, पाणी प्याली, आणि पाटी कधी नीट करणार म्हणून विचारलं. मी बॅटरीचं सांगायला लागलो, लाइटचं सांगितलं, जनरेटरचं सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं.

“तम्मा, माझ्या आईनं माझ्या अक्षता बघितल्या न्हाईत. माझं लगीन लागताना मी खाली मान घालून हुते, मीबी बघितल्या न्हाईत. आता लेकीच्या बघावं म्हणलं, तर तू मला जीप दावायलास.” ती टेप माझ्या पुढ्यात सरकवून म्हणाली, “माझ्या लेकीच्या डोक्यावर अक्षता पडायलेत तेवढं मला दाव. बाकीचं तुझं तुला.”

ती भांडली असती तर बरं झालं असतं. भांडणाऱ्या गिऱ्हाइकाला परत कसं पाठवायचं ते तोवर मी शिकलो होतो.

मी म्हणालो की झालेलं परत कसं दाखवू? ती म्हणाली, सिनेमात मेलेली माणसं परत उठून दुसऱ्या सिनेमात काम करतात. ही दोघं तर जिती आहेत. पंचमीला लेक माहेरी येईल, जावई न्यायला येईल. तेव्हा परत कर.

पुस्तकातलं ते वाक्य मला त्या वेळी आठवलं. ढवळाढवळ करू नये. पण मी आधीच ढवळून बसलो होतो.

यानंतर दोनेक महिन्यांनी, आषाढात, जे झालं त्याला बैठक म्हणतात. दूध सोसायटीच्या खोलीत अप्पा चेअरमनच्या खुर्चीत, समोर भटजी, भिंतीशी नवरीचा बाप आणि आरोपी म्हणून मी. अप्पाचा विरोध होता. त्याच्या मते टेपमध्ये काही चूक नव्हती. त्यानं ती माझ्याकडून परत नेऊन सोसायटीत दोनदा लावून दाखवली होती. भटजींची अडचण वेगळी. ते म्हणाले, एकदा लागलेलं लग्न परत लावलं तर पहिलं मोडलं असं होईल का? आणि पहिलं मोडलं नसेल तर दुसरं कुणाचं लागलं? हे बोलताना ते इतके गंभीर होते की मलाही भीती वाटायला लागली. नवरीचा बाप सगळ्या बैठकीत एकदाच बोलला. म्हणाला, घरात दोन महिने झाले, ती माझ्याशी बोलायली न्हाई. मंगलाष्टकं कमी म्हणा, काय करायचं ते करा, पण करा.

त्यातून मार्ग निघाला, आणि तो भटजींनीच काढला. लग्न लागू नये याची खबरदारी घ्यायची. मंगलाष्टकं पाचच म्हणायची. आमच्याकडे अक्षता ज्वारीच्या असतात, म्हणून तांदळाच्या वापरायच्या. अंतरपाटाऐवजी चादर. होम नाही, मंगळसूत्राला हात लावायचा नाही. आणि मुहूर्त असा की त्यावर चुकूनसुद्धा लग्न लागू नये. त्यासाठी भटजींनी पंचांग उघडून संपूर्ण श्रावण चाळला. चांगला मुहूर्त ते दोन मिनिटांत काढत. वाईट मुहूर्ताला त्यांना अर्धा तास लागला. एक बरा वाईट मिळाला होता, पण त्यात थोडं शुभ होतं, म्हणून सोडला. शेवटी पंचमीच्या दुसऱ्या दिवशी, राहुकाळात, सकाळी साडेअकराच्या सुमाराला, असं ठरलं. इतका खराब मुहूर्त गावात कुणाच्या वाट्याला आला नव्हता, असं ते अभिमानानं म्हणाले.

पंचमी आली. मी त्याच दिवशी मुक्कामाला गेलो. वैशाखातला मांडव कधीच निघाला होता. कॅमेऱ्यात येईल तेवढाच, म्हणजे खाटेएवढा, मांडव उभा केला. लग्नात बोहल्यामागं काळं नांगरलेलं रान होतं. आता तिथं मूग हिरवागार. त्याला इलाज नव्हता. जावई निंबर्ग्याहून आला तर त्याची मिशी नाही. कारखान्यातल्या सगळ्यांनी काढली म्हणून यानंही काढली होती. अप्पा म्हणाला की गावातल्या कन्नड नाटकवाल्यांकडे मिशा आहेत. त्यांतली एकच मोकळी होती, ती राक्षसाची. ती बघून जावई म्हणाला, “मामा, तुमी म्हणलाव म्हणून परत बोहल्यावर चढायलोय. पण राक्षस हून न्हाई चढणार.” मुलगी तोवर हसून हसून पायरीवर बसली होती. लग्नाच्या दिवशी रडून तिचे डोळे सुजले होते. आता चेहरा जुळत नाही म्हणून भटजींनाही काळजी वाटायला लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला पुढारी आले. वेळेच्या आधी. त्यांना कुणी बोलावलं ते अप्पानं शेवटपर्यंत सांगितलं नाही. त्यांचं म्हणणं साधं होतं. त्या टेपमध्ये जीपचं दार उघडत नाही हे सगळ्या तालुक्यानं बघितलं, विरोधकांनी सोसायटीत येऊन बघितलं, त्याची चर्चा झाली. तुम्ही अक्षता परत घेणार असाल तर माझं उतरणंही परत घ्या. मी त्यांना सांगून पाहिलं की त्या टेपमध्ये आता तुमचं उतरणंच राहणार नाही. हे ऐकून ते दुखावले. मग त्यांचं उतरणं आधी घेतलं. दार दुरुस्त करून आणलं होतं. पहिल्या वेळी ते फारच लवकर उघडलं, नमस्काराला हात जोडायच्या आत. दुसऱ्या वेळी कोंबडी आडवी आली. तिसऱ्या वेळी ते इतके सहज उतरले की खोटं वाटत होतं. त्यांना तेच पसंत पडलं. मग पुढच्या खुर्चीवर बसून त्यांनी अक्षता मागितल्या.

सगळे जागेवर उभे राहिले. चादर धरली. मी खुर्चीवर चढलो; खुर्ची या वेळी मेहुण्यानं धरली होती, पोटऱ्यांसकट. भटजींनी पहिलं मंगलाष्टक सुरू केलं. तेवढ्यात दोन बायका नवरीच्या आईच्या दंडाला धरून तिला घरामागं न्यायला लागल्या. एकीच्या हातात पाण्याचा तांब्या होता.

आई थांबली. तिनं दंड सोडवून घेतला, पदर पुढं ओढला. थोरल्या दिराशी ती कधी समोरासमोर बोलत नसे, म्हणून ती माझ्याकडे तोंड करून बोलायला लागली. अप्पा तिच्यापासून तीन हातांवर उभा होता, मी खुर्चीवर, कॅमेरा खांद्यावर.

“तम्मा, त्येंना विचार, हे लगीन हाय का न्हाई?”

मी अप्पाला विचारलं. अप्पानं मला सांगितलं की नाही. मी तिला सांगितलं.

“भटजींना विचार.”

भटजी मंगलाष्टक थांबवून म्हणाले की अजिबात नाही, या मुहूर्तावर काहीच होऊ शकत नाही, ती जबाबदारी माझी.

“मग मी हितंच थांबते,” ती म्हणाली. “लगीन बघू नये म्हणून तुळशीपाशी बसवतेत. हे लगीनच न्हाई तर मी कशापायी बसू?”

मांडवातले, म्हणजे त्या खाटेएवढ्या सावलीतले आणि भोवतीच्या उन्हातले, सगळे भटजींकडे बघायला लागले. तांब्या धरलेली बाई म्हणाली, तरीबी बघू नये. आई तिच्याकडे वळली. “तर मग लगीन हाय म्हण. म्हण की. मंजी माझ्या लेकीचं दोनदा लगीन लावलाव तुमी, राहुकाळात.”

त्या बाईनं तांब्या खाली ठेवला. भटजींनी पंचांग मागवलं. का, ते त्यांनाही माहीत नसावं. दोन पानं उलटून ते म्हणाले की जे लग्न नाही ते बघण्याबद्दल यात काही दिलेलं नाही. पुढाऱ्यांनी आपण मध्यस्थी करावी म्हणून घसा साफ केला, पण नेमकी कुठल्या भाषेत ते ठरेना. अप्पानं माझ्याकडे बघितलं आणि मला म्हणाला, “तिला सांग, थांब म्हणावं.” मी सांगितलं. ती म्हणाली, त्येंना सांग, थांबलेच आहे.

ती येऊन माझ्या खुर्चीशेजारी उभी राहिली. पाच मंगलाष्टकं झाली. “सावधान” म्हणायचं नाही असं ठरलं होतं, पण भटजींच्या तोंडून सवयीनं गेलंच; त्यांनी लगेच जीभ चावली. चादर खाली आली. लोकांनी तांदूळ टाकले. ज्वारी गोल असते, लांब जाते. तांदूळ हळदीनं ओले, चिकटलेले, निम्मे पुढच्यांच्या मानेवर पडले. एक मूठ पुढाऱ्यांच्या कानात गेली. काही दाणे मात्र मुलीच्या डोक्यावर पडले, तिथं राहिले, एक भांगात अडकला. मुलगी आईकडे बघत होती. चौकटीत सगळं आलं. मी एकदाही हललो नाही.

सगळं मिळून किती वेळ लागला असेल? पाणी पिण्याइतका.

आई अजून बघतच होती. मला वाटलं, रडेल. मी कॅमेरा खाली घेतला. ती माझ्याकडे न बघता हळूच म्हणाली, “एवढंच व्हय?”

मी म्हणालो, एवढंच असतं, अक्का.

“ह्याच्यापायी आमाला लपवतेत?”

तेवढ्यात बायका तिच्याभोवती गोळा झाल्या. सगळ्या लेकीबाळींच्या आया, सगळ्या कधी ना कधी तुळशीपाशी बसून आलेल्या. कसं असतं, काय दिसलं, म्हणून विचारायला लागल्या. तिनं एकेकीकडे बघितलं. तांब्या आणणारी बाई सगळ्यांत पुढं होती.

“सांगून कळायचं न्हाई,” ती म्हणाली, आणि आत पोळ्यांचं बघायला गेली.

तो तुकडा सोलापूरला नेऊन जुन्या टेपमध्ये बसवला. त्याचा परिणाम असा झाला: अक्षता पडायच्या आधी नवऱ्याला मिशी आणि मागं काळं रान. अक्षता पडतात, नवऱ्याची मिशी नाहीशी होते, रान हिरवंगार होतं, नवरीच्या डोळ्यांची सूज उतरून ती हसायला लागते. लगेच गळ्यात हार घातलेले दोघं, परत मिशी, परत काळं रान, परत रडणं. गावात कुणाला यात खोट दिसली नाही. लोकांना वाटलं हे सोलापूरचं मिक्सिंग. पुढच्या लग्नसराईत चार घरांनी मला बजावून सांगितलं की आमच्याही टेपमध्ये अक्षता पडताना रान हिरवं करा.

मी केलंही. मूग असेपर्यंत जाऊन थोडं शूटिंग करून ठेवलं होतं.

त्याच घरातल्या धाकट्या मुलीचं लग्न दोन-तीन वर्षांनी निघालं. तोवर माझ्याकडे दुसरा कॅमेरा होता आणि मेहुणा लाइट सोडून कॅमेरा धरायला लागला होता. त्याला मी खुर्चीवर चढवलं आणि कुणी पोटरी धरली तर लाथ मार म्हणून सांगितलं. मंगलाष्टकं सुरू झाली तशी बायका आईकडे आल्या. मला वाटलं, आता परत वाद होणार. सगळ्या मांडवालाच तसं वाटत होतं, अप्पा तर लांब जाऊन उभा राहिला. पण ती स्वतःच उठली, तांब्या घेतला आणि कुणाच्या हाताची वाट न बघता घरामागं गेली.

मी तिच्या मागं गेलो. कशासाठी ते तेव्हा सांगता आलं नसतं. ती तुळशीच्या ओट्याला टेकून बसली होती. एक हात तांब्यावर, पाणी थेंबथेंब पडतंय. पुढून भटजींचा सूर येत होता. मी कॅमेरा चालू केला. ती लाइटला थांबली नाही, कारण लाइट नव्हता.

तो चार मिनिटांचा तुकडा पुढं माझ्या फार उपयोगी पडला. बेंगळुरूच्या एका संस्थेनं नमुना मागितला तेव्हा माझ्याकडे दाखवण्यासारखं तेवढंच होतं. त्यावर मला पहिला माहितीपट मिळाला, मग दुसरा, मग पाणी, धरण, स्थलांतर, जे जे येत गेलं ते सगळं. त्या पहिल्या दिवशी अंधाऱ्या खोलीत तो तुकडा बघून एक बाई म्हणाल्या की किती खोल शोक आहे हा. एक गृहस्थ म्हणाले की शोक नाही, मूक प्रतिकार आहे. त्यांचं त्यावर बराच वेळ चाललं. मी आवाज काढून टाकला होता, म्हणून ते शक्य झालं.

आवाज असा होता. तिनं मला बघितलं आणि कपाळाला आठी घातली.

“हिकडं काय धरायलास? लगीन तिकडं लागायलंय.”

मी विचारलं, अक्का, बघायला येत नाही का? या वेळी मी काही तरी तोड काढली असती.

“बघून झालंय माझं,” ती म्हणाली. तिनं पाय लांब केले, पाठ ओट्याला नीट टेकली. “चार दिवस झाले, बूड टेकलं न्हाई. एवढी एकच घडी कुणी हाक मारत न्हाई. बसू दे की मला.”

पुढं हलगी वाजायला लागली. लग्न लागलं होतं, उठायला हवं होतं. तांब्यातलं पाणी संपलं होतं. तिनं रिकामा तांब्या तसाच तुळशीवर वाकडा धरून ठेवला आणि आणखी थोडा वेळ बसून राहिली.